शंभर उंट : सरदार अब्दुल मुत्तलिब यांचे चरित्र

हजहून परतलेल्या आप्ताच्या भेटीला आपण जातो, तेव्हा खजुरासोबत इवल्याशा पेल्यातून जमजमचे दोन घोट आपल्या हाती येतात. आपण बिस्मिल्लाह म्हणतो, मनोमन दुआ मागतो आणि ते पाणी प्राशन करतो. त्या क्षणी एक गोष्ट क्वचितच कोणाच्या ध्यानी येते. हे पाणी एके काळी दीर्घकाळ जमिनीखाली दडलेले होते आणि ज्या जागी ते दडले होते, ती मक्केतील पशुबळीची जागा होती. वर रक्ताचा चिखल आणि खाली हजरत इस्माईल (अ.स.) यांचा झरा! हा झरा ज्यांनी पुन्हा मोकळा केला, त्यांच्याच हाती पुढे पोटच्या मुलासाठी सुरी आली. प्रेषित मुहम्मद (स.) यांचे आजोबा सरदार अब्दुल मुत्तलिब यांचे चरित्र आज आपल्यासमोर ठेवायचे आहे.

त्यांचे मूळ नाव शैबा. जन्मतःच डोक्यावर काही केस पांढरे होते, म्हणून हे नाव पडले असे चरित्रकार सांगतात. पिता हाशिम हे कुरैशचे सरदार. दुष्काळात रोटी कुस्करून, रश्श्यात भिजवून त्यांनी लोकांना जेवू घातले आणि त्या कुस्करण्यावरूनच त्यांना हाशिम म्हणू लागले. व्यापारासाठी शामकडे निघालेले हाशिम गाझा येथे मरण पावले. शैबा यांची माता सलमा या यसरिबच्या, म्हणजे आजच्या मदीनेच्या, बनू नज्जार कुळातील. मूल आजोळीच वाढले. काही वर्षांनी चुलते मुत्तलिब त्याला न्यायला आले. मक्केत शिरताना उंटावर चुलत्याच्या मागे बसलेला तो अनोळखी मुलगा पाहून लोकांना वाटले, मुत्तलिबने नवा गुलाम आणला. अब्दुल मुत्तलिब, म्हणजे मुत्तलिबचा गुलाम! चुलत्याने परोपरीने समजावले की हा माझा पुतण्या आहे. पण गावाने ठेवलेले नाव पुसता येत नाही. पुढे कुरैशमधील सर्वाधिक आदरणीय पुरुष याच नावाने ओळखला गेला.

मुत्तलिब यांच्या निधनानंतर यात्रेकरूंना पाणी पाजण्याची व जेवू घालण्याची जबाबदारी अब्दुल मुत्तलिब यांच्याकडे आली. मक्का म्हणजे ओसाड, खडकाळ दरी. दूरच्या विहिरींवरून पाणी आणायचे, काबागृहापाशी चामड्याच्या हौदांत भरून ठेवायचे, त्यात मनुका टाकून त्याचा खारटपणा कमी करायचा आणि हजारो तहानलेल्या माणसांना पाजायचे, हे काम सोपे नव्हते. जमजमचा झरा कधीतरी येथे होता एवढीच आठवण उरली होती. जुरहुम नावाच्या जमातीला मक्केतून हुसकावून लावण्यात आले, तेव्हा जाता जाता त्यांनी तो बुजवून टाकला होता.

अशा दिवसांत काबागृहालगतच्या हिज्र या जागी झोपलेले असताना त्यांना स्वप्न पडले. सलग काही रात्री कोणीतरी खणण्याची आज्ञा देत होते. दर रात्री वेगळे नाव घेऊन, आणि अखेरीस जमजम हे नाव घेऊन. खुणाही सांगितल्या गेल्या : जेथे रक्त व आतड्यांतील घाण पडते, जेथे मुंग्यांचे वारूळ आहे, जेथे कावळा चोच मारतो. सकाळी ते कुदळ घेऊन निघाले. सोबत एकुलता एक पुत्र हारिस. खुणेची जागा निघाली इसाफ आणि नाइला या दोन मूर्तींच्या मधोमध. कुरैश आपले पशू तेथेच कापत असत.

वाचकहो, येथे क्षणभर थांबा. त्या काळच्या अरबांच्या दृष्टीने रक्त हे देवाला पोचणारे काहीतरी होते. पशू कापावा आणि त्याचे रक्त काबागृहाच्या भिंतींना माखावे, अशी चाल असल्याचे भाष्यकारांनी नोंदवले आहे. उंटिणीचे पहिले वासरू मूर्तीपुढे कापत, त्याला फरअ म्हणत. रजब महिन्यातील बळीला अतीरा म्हणत. नवजात बालकाच्या डोक्यालाही बळीचे रक्त लावत. तेव्हा त्या दोन मूर्तींच्या मधली जमीन खणणे म्हणजे कुरैशच्या लेखी देवांच्या ताटाला हात घालणे होते. ते अडवायला धावून आले. पित्याने पुत्राला सांगितले की तू यांना थोपवून धर, मी खणतो. थोड्याच वेळात विहिरीचे जुने बांधकाम दिसू लागले आणि अब्दुल मुत्तलिब यांच्या तोंडून अल्लाहचा महिमा बाहेर पडला.

पाणी दिसताच विरोध करणारेच वाटेकरी झाले. तंटा इतका वाढला की न्यायासाठी शामच्या सरहद्दीकडील एका कौल देणाऱ्या स्त्रीकडे सर्वांनी निघावे असे ठरले. वाटेत वाळवंटात पाणी संपले, माणसे स्वतःसाठी कबरी खणू लागली. अब्दुल मुत्तलिब यांनी मरणाची वाट पाहत बसण्यापेक्षा पुढे चालावे असे ठरवले आणि त्यांचा उंट उठताच त्याच्या खुराखालून पाणी वर आले, असे कथन इब्न इसहाक यांनी दिले आहे. भांडणारे तेथूनच परतले. विहिरीत जुरहुमने पुरलेली सोन्याची दोन हरणे, तलवारी आणि चिलखते निघाली होती; त्यांतील सोने काबागृहाच्या दाराला लागले.

पण त्या सकाळची एक जखम मनात राहिली. भर गर्दीत, स्वतःच्या शहरात, आपल्या बाजूने उभे राहायला एकच मुलगा होता. त्या एकटेपणात अब्दुल मुत्तलिब यांनी नवस केला : मला दहा पुत्र झाले आणि माझे रक्षण करण्याइतके ते मोठे झाले, तर त्यांतील एकाची काबागृहापाशी अल्लाहसाठी कुरबानी करीन.

वर्षे लोटली. पुत्र दहा झाले, तरणेबांड झाले. पित्याने सर्वांना बोलावून नवसाची गोष्ट सांगितली. आश्चर्य हे की एकानेही नकार दिला नाही. प्रत्येकाने बाणावर आपले नाव घालून द्यावे असे ठरले आणि सारे काबागृहाच्या आत हुबल या मूर्तीपुढे गेले. हुबलपुढे शकुनाचे सात बाण ठेवलेले असत. विवाह असो, दफन असो, कोणाच्या वंशाबद्दल शंका असो. लोक शंभर दिरहम आणि एक उंट घेऊन तेथे जात आणि बाण काढणारा जे सांगेल ते मान्य करीत. बाण फिरू लागले तेव्हा अब्दुल मुत्तलिब हुबलजवळ उभे राहून अल्लाहची प्रार्थना करीत होते.

हे वाक्य सीरतच्या ग्रंथात मी प्रथम वाचले तेव्हा विद्यार्थी होतो. त्यावरून पुढे जाववेना. ओठांवर अल्लाह आणि समोर हुबल! जाहिलियतचे याहून नेमके चित्र मला आजवर आढळलेले नाही. त्या लोकांना अल्लाह ठाऊक नव्हता असे नव्हे. हजरत इब्राहीम (अ.स.) यांची आठवणही त्यांच्यात होती, पुत्र, सुरी, समर्पण हे सारे ठाऊक होते. फक्त त्या घटनेचा शेवट विसरला गेला होता. इब्राहीम (अ.स.) यांना पुत्राच्या मानेवर सुरी चालवू दिली गेली नाही, पुत्राऐवजी पशू दिला गेला, हा त्या घटनेचा गाभा होता. त्यांच्या वंशजांनी सुरी लक्षात ठेवली आणि ती थांबवणारा हात विसरला. आणि इब्राहीम (अ.स.) यांना आदेश होता, येथे आदेश कोणाचाच नव्हता, माणसाने स्वतःच बोललेला शब्द होता.

बाण अब्दुल्लाह यांच्या नावाचा निघाला. धाकटे, देखणे, पित्याचे सर्वांत लाडके. पित्याने एका हाताने पुत्राचा हात धरला, दुसऱ्या हातात सुरी घेतली आणि ते इसाफ व नाइला यांच्याकडे चालू लागले, म्हणजे जेथे त्यांनी स्वतः पाण्यासाठी जमीन खणली होती त्याच ठिकाणाकडे.

आपापल्या बैठकींतून कुरैश उठून धावले. अब्दुल्लाह यांचे आजोळ बनू मखजूम कुळातले. कुरैशनी मांडलेला मुद्दा लक्षात घेण्याजोगा आहे. त्यांनी केवळ दया भाकली नाही. कुरैशच्या सरदाराने आज हे केले तर उद्या ज्याला त्याला आपला मुलगा येथे आणून कापावासा वाटेल आणि मग माणसे उरतील कशी, असे त्यांचे म्हणणे होते. मुलाच्या मोबदल्यात लागेल ते धन आम्ही देऊ, असे बनू मखजूममधील मुगीरा बिन अब्दुल्लाह यांनी सांगितले. मोठ्या माणसाची चूक त्याच्या एकट्याची राहत नाही, ती रीत होऊन बसते, हे त्या मूर्तिपूजक कुरैशना कळत होते.

पुत्राचा हात सुटला नाही, पण पाय थबकले. हिजाजमधील एका कौल देणाऱ्या स्त्रीकडे जावे, ती कापा म्हणाली तर कापा, सुटका सांगितली तर ती मान्य करा, असे ठरले. खैबर येथे ती भेटली. तिने विचारले की तुमच्यात एका माणसाच्या रक्ताचे मूल्य किती. उत्तर मिळाले, दहा उंट. मग तिने सांगितले की दहा उंट आणि तुमचा माणूस यांच्यात बाण काढा. माणसाच्या नावाचा निघाला तर उंट वाढवत जा, परमेश्वर राजी होईपर्यंत. (कौल घेण्याचा हा मार्ग आपल्यासाठी दाखला नव्हे, असल्या बाणांना कुरआनने सूरह अल-माइदामध्ये साफ हराम ठरवले आहे. घडले ते तसे सांगितले, इतकेच.)

मक्केत परतल्यावर दहा उंट उभे केले गेले. बाण अब्दुल्लाह यांच्या नावाचा. वीस केले, पुन्हा अब्दुल्लाह. तीस, चाळीस, पन्नास, दर वेळी अब्दुल्लाह. पिता उभा आहे, पुत्र उभा आहे, दहा-दहाने कळप वाढतो आहे आणि नाव बदलत नाही. नव्वदपर्यंत हेच चालले. शंभर झाले तेव्हा बाण उंटांच्या बाजूने निघाला. कुरैश आनंदाने ओरडले. अब्दुल मुत्तलिब यांनी मात्र मान हलवली. आणखी तीनदा काढल्याशिवाय मी मानणार नाही असे ते म्हणाले. तिन्ही वेळा उंट निघाले. मग ते शंभर उंट कापले गेले आणि तसेच सोडून दिले गेले. ज्याला हवे त्याने न्यावे, कोणालाही अडवायचे नाही.

अब्दुल्लाह वाचले. त्यानंतर पित्याने त्यांचा विवाह बनू जुहरा कुळातील आमिना यांच्याशी लावून दिला. पुढे काय झाले ते आपण जाणता.

प्रेषितांना दोन ज़बीहांचा, म्हणजे हजरत इस्माईल आणि अब्दुल्लाह यांचा पुत्र म्हणण्याची प्रथा व्याख्यानांतून फार आहे. त्याबाबतची जी रिवायत सांगितली जाते तिच्या सनदीवर मुहद्दिसांनी हरकत घेतली आहे. तेव्हा ती प्रेषितांचे वचन म्हणून सांगताना जपून बोलावे. या प्रसंगाचा परिणाम मात्र पक्का आहे. इब्न सअद यांनी हजरत अब्दुल्लाह बिन अब्बास (र.) यांच्या हवाल्याने नोंदवले आहे की दहा उंटांचे रक्तमूल्य या घटनेपासून कुरैश व अरबांत शंभर उंट झाले आणि प्रेषितांनी ते तसेच कायम ठेवले. इस्लामी कायद्यात दियत शंभर उंटांची आहे, हे मदरशात आम्ही फिक्हच्या पुस्तकात पाठ करतो. त्या आकड्यामागे एका भ्यालेल्या पित्याने वाढवत नेलेला कळप आहे, हे पाठ करताना कोणी सांगत नाही.

पुढचे प्रसंग सुपरिचित आहेत. अब्दुल्लाह व्यापाराहून परतताना यसरिब येथे आजारी पडले आणि तेथेच वारले. शंभर उंट देऊन सोडवलेला पुत्र पित्याला फार काळ लाभला नाही. मागे पाच उंट, शेळ्यामेंढ्यांचा एक कळप आणि उम्मे ऐमन ही दासी एवढीच मालमत्ता राहिली. सुमारे ५७० साली अबरहा हत्ती घेऊन काबागृह पाडायला आला. त्याच्या सैन्याने अब्दुल मुत्तलिब यांचे दोनशे उंट पळवले होते. ते भेटीला गेले आणि फक्त उंट मागितले. अबरहाला नवल वाटले, तेव्हा त्यांनी सांगितले की उंटांचा मालक मी आहे. त्या घराचाही मालक आहे आणि तो त्याचे रक्षण करील. या वेळी त्यांनी हुबलकडे धाव घेतली नाही. काबागृहाच्या दाराची कडी धरून त्यांनी त्या घराच्या मालकालाच हाक मारली आणि लोकांना घेऊन ते डोंगरात गेले. सैन्याचे काय झाले ते सूरह अल-फीलमध्ये आहे.

त्याच वर्षी नातू जन्मला. आजोबांनी त्याला काबागृहात नेले, अल्लाहचे आभार मानले आणि मुहम्मद हे नाव ठेवले. सहा वर्षांच्या वयात नातवाची आईही अबवा येथे निवर्तली. काबागृहाच्या सावलीत सरदारांसाठी गालिचा अंथरला जाई, त्यावर त्यांचे स्वतःचे पुत्रही बसत नसत. हे पोरके मूल मात्र सरळ जाऊन त्यावर बसे आणि चुलते त्याला दूर करू लागले की आजोबा त्यांनाच थांबवत, त्याच्या पाठीवरून हात फिरवत. ज्या हाताने कधी सुरी धरली होती, तोच हा हात. नातू आठ वर्षांचा असताना अब्दुल मुत्तलिब वारले. मरणापूर्वी त्यांनी त्याला अबू तालिब यांच्या स्वाधीन केले. जनाज्यामागे तो लहान मुलगा रडत चालला होता, ही उम्मे ऐमन यांची आठवण आहे. हजून येथे दफन झाले. ते प्रेषितत्वापूर्वी गेले. त्यांच्या अखेरीविषयी विद्वानांनी पुष्कळ लिहिले आहे, त्यात मी येथे शिरत नाही.

नवसाचा प्रश्न मात्र त्यांच्यासोबत दफन झाला नाही. तबरी यांनी मदीनेतील एक घटना दिली आहे. एका स्त्रीने काबागृहापाशी मुलगा कापण्याचा नवस बोलला होता. ती हजरत अब्दुल्लाह बिन उमर (र.) यांच्याकडे गेली. त्यांनी इतकेच सांगितले की अल्लाहने नवस पुरे करण्याचा आदेश दिला आहे आणि जीव घेण्यास मनाईही केली आहे. हजरत अब्दुल्लाह बिन अब्बास यांनी आपल्या आजोबांच्या घटनेवरून शंभर उंट सांगितले. तेव्हाचा मदीनेचा अधिकारी मरवान याला हे कळले, तेव्हा त्याने दोन्ही उत्तरे चुकली असे म्हटले : अल्लाहच्या अवज्ञेचा नवस मुळी नवसच नव्हे, तिने क्षमा मागावी, तौबा करावी, जमेल तेवढे दान करावे. लोकांना हे उत्तर आवडले. मुवत्तामध्ये तर स्वतः इब्न अब्बास यांनीच अशा एका स्त्रीला मुलाला कापू नकोस, शपथेचे प्रायश्चित्त दे असे सांगितल्याचे आहे. फुकहांमध्ये मतभेद आहेत : इमाम अबू हनीफा व इमाम मुहम्मद यांच्या मते अशा नवसात एक बकरी द्यावी लागते, इमाम अबू यूसुफ आणि इमाम शाफई यांच्या मते काहीच लागत नाही. मुलाला हात लावायचा नाही, याबद्दल मात्र कोणाचेच दुमत नाही.

आपल्याला वाटेल, आज असा नवस कोण करतो? काही वर्षांपूर्वी इशाच्या नमाजनंतर एक गृहस्थ मला भेटायला थांबले. सोबत सात-आठ वर्षांचा मुलगा, वडिलांच्या सदऱ्याचे टोक धरून उभा. हा मुलगा जीवघेण्या आजारातून उठला तर याला घरातून कायमचा दूर पाठवीन, पुन्हा आपल्याकडे आणणार नाही, असे ते अल्लाहला बोलून बसले होते. मुलगा बरा झाला होता आणि आता आई अन्नाला शिवत नव्हती. मी त्यांना अब्दुल मुत्तलिब यांची गोष्ट सांगितली, मरवानचे उत्तर सांगितले आणि शपथेचे प्रायश्चित्त म्हणून दहा गरिबांना जेवू घालायला सांगितले. गृहस्थ बराच वेळ काही बोलले नाहीत. मुलाने मात्र विचारले, शंभर उंट कोणी खाल्ले?

त्याच्या प्रश्नाचे उत्तर मी तेव्हा नीट देऊ शकलो नाही. ते खरे उत्तर हिजरी सन १० मध्ये, म्हणजे ६३२ साली आहे. त्या वर्षी अब्दुल्लाह यांचे पुत्र निरोपाच्या हजसाठी मक्केत आले, तेव्हा त्यांच्यासोबतही कुरबानीचे उंट होते आणि हजरत अली (र.) यमनहून घेऊन आलेले मिळून त्यांची संख्या होती शंभर. तोवर सारे बदलले होते. हुबल, इसाफ, नाइला यांपैकी काहीच उरले नव्हते. फरअ आणि अतीरा रद्द झाले होते. बालकाच्या डोक्याला रक्ताऐवजी केशर लावले जात होते. कुरबानीचे मांस आणि रक्त अल्लाहपर्यंत पोचत नाही, त्याच्याकडे पोचते ती तुमची ईशपरायणता, हे सूरह अल-हजमध्ये सांगून झाले होते. (बकरी ईदच्या आठवड्यात मशिदीच्या पायरीवर मला विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांपैकी बहुतेक बोकडाच्या दातांचे, वजनाचे आणि किमतीचे असतात. दातांचा प्रश्न रास्त आहे.)

अरफातच्या मैदानात प्रवचन देताना प्रेषितांनी जाहिलियतच्या काळातील सारे खुनाचे बदले रद्द केले आणि सुरुवात स्वतःच्या घरापासून केली. रबीआ बिन हारिस यांच्या पुत्राचे रक्त त्यांनी सर्वप्रथम माफ केले. हे रबीआ म्हणजे त्याच हारिसचे पुत्र, ज्यांनी एकट्याने जमाव थोपवून धरला होता आणि पित्याला विहीर खणू दिली होती.

दुसऱ्या दिवशी मिना येथे प्रेषितांनी शंभरांपैकी त्रेसष्ट उंट स्वहस्ते कापले, उरलेले हजरत अलींनी. प्रत्येक उंटाचा एक तुकडा घेऊन एकाच भांड्यात शिजवला गेला. दोघांनी ते मांस खाल्ले, रस्सा प्याले. बाकीचे मांस, कातडी, अंगावरच्या झुलीसुद्धा गरिबांत वाटून टाकण्याची आज्ञा झाली. कापणाऱ्याची मजुरीही त्यातून द्यायची नव्हती, ती वेगळी दिली गेली.

मग ते उंटावर बसून काबागृहाकडे आले, प्रदक्षिणा केल्या आणि जमजमपाशी गेले. अब्दुल मुत्तलिब यांची मुले-नातवंडे तेथे यात्रेकरूंसाठी पाणी शेंदत होती. प्रेषितांनी त्यांना शेंदत राहायला सांगितले. लोक तुमच्यावर गर्दी करून हे काम तुमच्या हातून काढून घेतील अशी भीती नसती, तर मीही तुमच्यासोबत पाणी शेंदले असते, असे म्हणाले. त्यांनी एक बादली भरून पुढे केली आणि प्रेषित (स.) ते पाणी प्याले.